वर्दी, तकरार आणि मधले साठ दिवस

पहाणीचा उतारा, म्हणजे कर्नाटकातला जमिनीच्या हक्कनोंदीचा कागद, हातात पडला की बहुतेकांची नजर आधी नवव्या रकान्यावर जाते. कब्जेदाराचं नाव तिथं असतं. आपलं नाव आहे एवढं पाहून कागदाची घडी होते आणि तो खिशात जातो. नाव गायब असेल, किंवा शेजारी भलतंच नाव येऊन बसलेलं असेल, तर कचेरीच्या पायरीवरच रक्त तापतं आणि तोंडातून निघतं, "कोर्टात खेचतो बघ आता."

त्या घटकेला खरं तर दहावा रकाना वाचायला हवा. नाव कुणाचं ते नववा सांगतो. ते नाव आत कसं आलं, ते दहावा सांगतो. तिथं एम.आर. नंबर असतो, म्हणजे फेरफाराचा क्रमांक आणि वर्ष. वारसानं आलं, खरेदीनं आलं, वाटणीनं आलं की कुणाच्या आदेशानं आलं, हे त्या एका ओळीतून उलगडतं. आणि ते नाव हटवायचं असेल तर कुणाचं दार ठोठवायचं, तेही पुष्कळदा तिथूनच कळतं. अकराव्या रकान्यात बोजे, इतर हक्क आणि कधीकधी चालू दाव्याचा शेरा असतो. बाराव्यात पीक आणि पीक कुणी घेतलं ते. चारही रकाने एकत्र वाचल्याशिवाय वकिलाकडं जाणं म्हणजे आजार न सांगता औषध मागणं.

खानापूरपासून निपाणीपर्यंत आपल्या बेळगाव पट्ट्यात जमिनीचे तंटे खूप, आणि त्यातले कितीतरी मालकी खोटी होती म्हणून हरलेले नाहीत. दार चुकलं म्हणून ते हरले. कुणी तहसील, प्रांत, जिल्हाधिकारी ही शिडी न चढता थेट दावा लावला आणि तो उंबऱ्यावरच अडला. कुणी उलट केलं. मालकीचा प्रश्न घेऊन वर्षानुवर्षं शिडीवर चढ-उतार करत राहिला आणि तोवर दिवाणी दाव्याची मुदत निघून गेली. दोन्ही चुकांचं मूळ एकच आहे. नोंदीचं भांडण वेगळं आणि हक्काचं भांडण वेगळं, हा फरक कुणी नीट समजावून सांगितलेला नसतो.

आधी नोंदीचं. कर्नाटक भूमहसूल कायदा 1964 चा. त्याच्या कलम 128 प्रमाणे जमिनीत हक्क मिळाला की तीन महिन्यांत तो कळवायचा असतो. यालाच आपल्याकडं वर्दी देणं म्हणतात, आणि कन्नडमध्येही शब्द वर्दीच आहे. खरेदीखत किंवा नोंदणीकृत वाटणीपत्र असेल तर नोंदणी कार्यालयाकडून कागद पुढं जातो. वारसाची वर्दी मात्र आपणच द्यायची. मग कलम 129 लागतं. फेरफाराच्या वहीत नोंद धरली जाते, तिची प्रत चावडीवर लागते, आणि ज्यांचा संबंध दिसतो त्या प्रत्येकाला लेखी कळवावं लागतं. मुदतीत कुणी हरकत घेतली नाही तर सर्कल, म्हणजे महसूल निरीक्षक, नोंद कायम करतो. हरकत आली तर प्रकरण तकरारी वहीत जातं आणि तहसीलदार दोन्ही बाजू ऐकून आदेश करतो.

इथं एक गोष्ट फार थोड्यांना ठाऊक असते. हरकत तोंडी घेतली तरी चालते, आणि हरकत घेताच तिची लेखी पोच तिथल्या तिथं देणं हे अधिकाऱ्याचं कर्तव्य आहे. कलमातच तसं म्हटलंय. प्रत्यक्षात लोक तलाठ्याला सांगून येतात, "ह्या नोंदीला आमची हरकत आहे बघा," तलाठी मान डोलावतो आणि महिन्याभरानं नोंद कायम होते. नंतर हरकत घेतली होती याचा एकही कागद हाती नसतो. म्हणून हरकत लेखीच द्या, दोन प्रतींत द्या, आणि आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख, सही घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. तलाठ्याला आता ग्राम आडळित अधिकारी म्हणायचं. नाव बदललं तरी पोच द्यायचं काम तेच आहे.

तहसीलदाराचा आदेश विरोधात गेला, किंवा सर्कलनं नोंद कायम केली, तर अपील प्रांतांकडं. बेळगाव जिल्ह्यात बेळगाव, बैलहोंगल आणि चिक्कोडी असे तीन उपविभाग आहेत; आपला तालुका ज्यात येतो त्याच कचेरीत जायचं. अपिलाचं कलम 136, पोटकलम 2. मुदत साठ दिवस, आदेश कळल्या तारखेपासून. त्याच्यावर जिल्हाधिकाऱ्यांकडं पुनरीक्षण, पोटकलम 3. अपिलाच्या मथळ्यावर कलम नीट लिहा. याच कायद्यात कलम 49 खाली सर्वसाधारण महसुली अपील आहे, पण फेरफाराच्या आदेशांना कायद्याचं ते प्रकरणच लागू होत नाही असं 136 च्या पहिल्या पोटकलमात स्पष्ट लिहिलंय. तरी छापील नमुन्यावर 49 घालून दिलेली अपिलं येत राहतात आणि त्यांचा सुरुवातीचा वेळ केवळ कलम दुरुस्त करण्यात जातो.

साठ दिवसांची मोजणी जरा जवळून बघू. आदेश टपालानं आला तर पाकीट फेकू नका. पाकिटावरच्या टपाल शिक्क्याची तारीख हाच आदेश कधी कळला याचा सगळ्यात भक्कम पुरावा असतो. ते पाकीट टाचणी लावून अपिलाला जोडा. आदेशाची प्रमाणित नक्कल मागितली की तिच्या मागच्या बाजूला अर्ज कधी आला, नक्कल कधी तयार झाली आणि कधी दिली, अशा तारखा पडतात. नक्कल मिळवण्यात गेलेले दिवस साठातून वगळले जातात. पण अर्ज दिल्यावर नक्कल तयार झाली आणि आपण पंधरा दिवसांनी घ्यायला गेलो, तर ते पंधरा दिवस आपले. नक्कल तयार झाल्याची तारीख कागदावरच असते, तिथं बोलायला जागा उरत नाही.

मुदत टळली तर विलंब माफीचा अर्ज आणि त्यासोबत शपथपत्र. त्यात कुठल्या तारखेला काय झालं हे क्रमानं यावं. "नोटीस कन्नडमध्ये होती, समजली नाही," एवढंच कारण टिकत नाही. हे लिहिताना वाईट वाटतं. ज्यांच्या आजोबांच्या नोंदी मराठीत, त्याआधीच्या मोडीत झाल्या, त्यांना आपल्याच शेताचा कागद दुसऱ्याकडून वाचून घ्यावा लागतो. ही सल खरी आहे आणि मराठीत कागद मिळावेत ही मागणीही रास्त आहे. पण साठ दिवस त्या मागणीसाठी थांबत नाहीत. कागद आला त्याच दिवशी बाँड रायटरकडून किंवा शाळेतल्या पोराकडून वाचून घ्या. निदान काही शब्द पाठ असू देत. मेल्मनवी म्हणजे अपील. तडेयाज्ञे म्हणजे स्थगिती. पुरस्करिसिदे म्हणजे मंजूर झालं, तिरस्करिसिदे म्हणजे फेटाळलं. वजा हा शब्द आपल्याला हिशेबातला वाटतो; आदेशाच्या शेवटी तो दिसला तर अपील काढून टाकलंय असं समजावं. मरुविचारणे दिसलं तर प्रकरण फेरचौकशीला खाली परत गेलंय, म्हणजे खालच्या कचेरीत पुन्हा हजर राहायचंय. हा शब्द न कळल्यामुळं माणसं घरी बसून राहतात आणि खाली एकतर्फी आदेश होतो.

अपील दाखल केल्यानं खालचा आदेश आपोआप थांबत नाही. स्थगितीचा वेगळा अर्ज द्यावा लागतो, आणि स्थगिती मिळाली तर तिची प्रत स्वतः नेऊन तहसीलला द्यावी, अकराव्या रकान्यात तिचा शेरा पडला का ते नवा उतारा काढून बघावं. हे राहून गेलं की त्या मधल्या काळात जमीन विकली जाते आणि आधी एक असलेला तंटा खरेदीदारासह तिघांचा होतो. अपिलात नोंदीतल्या प्रत्येकाला पक्षकार करा; कुणी मयत असेल तर त्याचे वारस. मयत माणसाविरुद्ध मिळवलेला आदेश कागदापुरताच.

आता हक्काचं भांडण. महसुली अधिकारी मालकी ठरवत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं वारंवार सांगितलंय. 2021 च्या जितेंद्र सिंग विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या निकालात मृत्युपत्राच्या आधारे नोंद मागणाऱ्याला न्यायालयानं सांगितलं, की मृत्युपत्रावर वाद असेल तर आधी दिवाणी न्यायालयातून हक्क ठरवून आण. फेरफाराची नोंद ही महसूल गोळा करण्यापुरती. कर्नाटकच्या कायद्यात कलम 133 मुळं नोंद खरी आहे असं गृहीत धरलं जातं, पण उलट शाबीत होईपर्यंतच.

मग आधी शिडी चढायची की नाही? इथं कलम 63 आणि कलम 135 शेजारी ठेवून वाचायला लागतात.

कलम 63 म्हणतं, महसुली अधिकाऱ्याच्या कृतीबद्दल किंवा त्यानं न केलेल्या कामाबद्दल सरकारवर दावा लावायचा असेल, तर कायद्यानं दिलेली सगळी अपिलं आधी केली आहेत हे वादीनं शाबीत केलं पाहिजे. दाव्याच्या मुदतीत जेवढी करणं शक्य होती तेवढी तरी. हा नियम बंगळूरनं नव्यानं शोधलेला नाही. बेळगाव मुंबई इलाख्यात असताना 1876 चा मुंबई महसूल अधिकारिता कायदा होता, त्याच्या कलम 11 मध्ये जवळजवळ याच शब्दांत तो होता. 1 नोव्हेंबर 1956 ला जिल्हा म्हैसूर राज्यात गेला, 1964 मध्ये नवा कायदा आला, आणि नियम तसाच चालत राहिला. सरकारनं आपलंच घर आपण आधी तपासावं, कोर्टानं त्यानंतर, हा त्यामागचा विचार. मला तो पटतो. चुकलेली नोंद प्रांतांच्या एका आदेशानं सुटत असेल तर तिच्यासाठी माणसाला दहा वर्षं कोर्टाच्या बाकावर का बसवायचं?

पण नीट वाचा: सरकारवर दावा. समोरचा भाऊ, पुतण्या किंवा शेजारी असेल तर कलम 63 आड येत नाही. कलम 135 म्हणतं की नोंद करून द्या किंवा काढा असा दावा सरकारवर चालणार नाही. त्याच कलमाचा पुढचा भाग मात्र दार उघडतो. आपल्या ताब्यातल्या हक्काला एखाद्या नोंदीमुळं बाधा येत असेल, तर जो आपला हक्क नाकारतो त्याच्यावर हक्क घोषित करून मागण्याचा दावा लावता येतो, आणि अंतिम निकालाप्रमाणं नोंद दुरुस्त करावीच लागते.

म्हणून सगळ्यात महाग पडणारी चूक कोणती, तर भावाभावांच्या दाव्यात तहसीलदाराला उगाच प्रतिवादी करणं. "नोंद त्यांनीच केली ना, मग त्यांनाही घ्या," असं पक्षकार म्हणतो आणि वकीलही घेतो. सरकार पक्षकार झालं की दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस लागते, कलम 63 उभं राहतं, 135 चा पहिला भाग उभा राहतो, आणि समोरचा भाऊ पहिल्याच तारखेला दावा फेटाळण्याचा अर्ज ठोकतो. तहसीलदाराला घेण्याची गरजच नव्हती. डिक्री, म्हणजे कोर्टाचा हुकूमनामा, मिळाली की नोंद बदलणं कायद्यानं त्याच्यावर बंधनकारकच आहे.

समोर खरोखर सरकार असेल तर गोष्ट वेगळी. शेतातले दहा गुंठे ब खराब, म्हणजे ओढा किंवा रस्ता म्हणून सार्वजनिक ठरवले. गायरानाच्या हद्दीत आपला बांध धरला. बगर हुकूम, म्हणजे परवानगीशिवाय कसलेल्या सरकारी जमिनीचा अर्ज नाकारला. इथं शिडीची एकही पायरी सोडू नये, आणि प्रत्येक पायरीचा कागद जपावा. दाव्यात "आम्ही वेळोवेळी अर्ज केले" असं मोघम लिहून भागत नाही. कुठल्या तारखेचा आदेश, कुठल्या कलमाखाली अपील, कुठल्या तारखेला निकाल, हे परिच्छेदांत यायला हवं आणि प्रमाणित नकला सोबत हव्यात. जिल्हाधिकाऱ्यांच्या दारात दिलेलं साधं निवेदन हे अपील होत नाही. आमदारांच्या पत्रानंही होत नाही. मोजणी खात्याच्या आदेशांची अपिलाची वाट निराळी असते. आदेशाखाली सही कुणाची आहे ते पाहून ती ठरते.

थेट धारवाडला उच्च न्यायालयाच्या खंडपीठात रिट लावावी, हा मोह अलीकडं वाढलाय. 2008 पासून धारवाडला बसणारं न्यायालय आल्यानं बंगळूरची खेप वाचली, हे मोठंच सुख. पण पर्यायी उपाय असताना रिट बहुधा ऐकली जात नाही. अपवाद आहेत: आदेश करणाऱ्याला अधिकारच नव्हता, किंवा आपल्याला नोटीसच न देता आदेश केला. तो अपवाद कागदावर दाखवता येत असेल तरच जावं. नाहीतर "आधी अपील करा" एवढं ऐकून परत यायचं, आणि तोवर साठ दिवस सरलेले.

काही वाद पहिल्यापासूनच वेगळ्या दाराचे. कुळाच्या जमिनी 1 मार्च 1974 ला सरकारजमा झाल्या. कूळ होतं की नव्हतं हा प्रश्न भूसुधारणा कायद्यानं भून्यायाधिकरणाकडं सोपवलाय, दिवाणी कोर्ट तो ठरवू शकत नाही. राष्ट्रीय महामार्गासाठी गेलेल्या जमिनीच्या भरपाईचा वाद लवादाकडं जातो. वतनाच्या जमिनींना त्यांचा स्वतःचा 1961 चा कायदा आहे. अशा जमिनीवर फेरफाराचं अपील लढवत बसणं म्हणजे भिंतीला दार समजणं.

आता मुदतीचं दुसरं टोक. हक्क घोषित करून मागण्याच्या दाव्याला मुदत कायद्याच्या अनुच्छेद 58 प्रमाणं तीन वर्षं असतात, आणि ती दावा करण्याचं कारण पहिल्यांदा घडलं तेव्हापासून धावतात. प्रांतांकडं अपील चालू आहे म्हणून ती थांबतील असं धरून चालू नका. सरकारी अधिकाऱ्याचा आदेशच रद्द करून मागायचा असेल तर अनुच्छेद 100, आणि मुदत एकच वर्ष. म्हणून मालकीचा वाद दिसत असेल तर शिडीवर एक पाय आणि दिवाणी कोर्टाच्या मुदतीवर एक डोळा. प्रांतांनी "पक्षकारांनी दिवाणी न्यायालयात जावं" असं लिहून अपील निकाली काढलं की लोक खचतात. खचू नका, त्या आदेशाची नक्कल घ्या आणि त्याच आठवड्यात दाव्याला लागा.

दावा कसला लावायचा तेही महत्त्वाचं. ताबा आपला आणि मालकीवर कुणी गंभीर वाद काढलेला नसेल तर नुसता मनाई हुकूम पुरतो. मालकीवरच सावट असेल तर घोषणा मागावी लागते, आणि ताबाही गेला असेल तर घोषणेसोबत ताबा. सर्वोच्च न्यायालयानं 2008 च्या अनथुला सुधाकर निकालात हे फार स्वच्छ मांडलंय. ताबा गेलेला असताना नुसती घोषणा मागितली तर कोर्ट ती देत नाही.

सीमेवरच्या घरांची एक खास अडचण आहे, आणि या सगळ्यात मला ती सर्वांत जिव्हारी लागते. बेळगुंदीत, उचगावात, कडोलीत वडील वारले. वारसाची वर्दी भावांनी दिली. वंशावळीत बहिणींची नावं नाहीत, किंवा आहेत पण सोबत साध्या कागदावरचं संमतीपत्र जोडलंय. बहीण चंदगडला किंवा गडहिंग्लजला नांदते. चावडीवरची नोटीस तिच्या उंबऱ्यापर्यंत सीमा ओलांडून जात नाही. दहा वर्षांनी कर्जाच्या कामाला उतारा निघतो तेव्हा कळतं. अशा वेळी "आता मुदत संपली, अक्का," म्हणून तिला परत पाठवणारे पुष्कळ भेटतात, आणि ते चुकीचं आहे. साठ दिवस आदेश कळल्यापासून धावतात. तिला नोटीस बजावलेली नसेल तर फेरफाराच्या मूळ फाइलची नक्कल काढली की त्यात पोच नाही हे दिसतंच. माहितीच्या अधिकारात दहा रुपयांच्या अर्जावर ती फाइल मिळू शकते. हक्कसोड नोंदणीकृत नसेल तर साध्या कागदावरच्या सहीनं तिचा हिस्सा जात नाही. आणि तिला मुळात वाटणीच हवी असेल तर प्रांतांपुढं जुनी नोंद उकरायचीही गरज नाही. थोरल्याचं एकट्याचं नाव लागलं म्हणून तो एकटा मालक होत नाही, वाटणीचा दावा ती थेट लावू शकते.

फक्त तो जिथं जमीन आहे तिथल्या कोर्टात. गडहिंग्लजचा वकील गडहिंग्लजला दावा लावू बघतो, तसं चालत नाही. एकाच घराची काही जमीन चंदगड तालुक्यात आणि काही बेळगाव तालुक्यात असेल तर मात्र दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 17 खाली दोन्हींच्या वाटणीचा एकच दावा कुठल्याही एका बाजूच्या कोर्टात लावायची सोय आहे. नोंदींच्या शिड्या तरीही दोनच राहतात. पलीकडं 1966 ची महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, फेरफाराची कलमं 149 आणि 150, अपील 247 खाली. अलीकडं 128, 129 आणि 136. पाहुण्यांनी कोल्हापुरातून आणलेला अपिलाचा नमुना बेळगावच्या प्रांत कचेरीत जसाच्या तसा देऊ नका.

साध्या चुकांना एवढं काही लागत नाही. कन्नडमध्ये उतरवताना गुंडूचा गुंडोजी झाला, वडिलांचं नाव पुढं-मागं झालं, क्षेत्रात गुंठे चुकले, तर तहसीलला पहाणी तिद्दुपडीचा, म्हणजे दुरुस्तीचा अर्ज, सोबत जुना हस्तलिखित उतारा आणि मूळ फेरफाराची नक्कल. सकाल, म्हणजे ठरलेल्या मुदतीत सेवा देण्याच्या सरकारी योजनेखाली येणाऱ्या सेवेची पोच घेताना तिच्यावरचा क्रमांक तपासा. काम मुदतीत झालं नाही तर त्याच क्रमांकावर वरच्या अधिकाऱ्याकडं दाद मागता येते. क्षेत्राची चूक असेल तर उतारा आकारबंदाशी, म्हणजे मोजणी खात्याच्या क्षेत्राच्या नोंदीशी, ताडून बघा. पुष्कळदा उतारा बरोबर असतो आणि आपल्या डोक्यातलाच आकडा चुकलेला असतो.

शेवटी डिक्री मिळते. पेढे वाटले जातात, आणि कागद कपाटात जातो. ती कपाटात ठेवायची नसते. डिक्रीची प्रमाणित नक्कल जोडून पुन्हा तलाठ्याकडं वर्दी द्यायची. सर्व्हे नंबरचा तुकडा पडत असेल तर मोजणीचा अकरा-ई नकाशा लागतो, त्याचा अर्ज आधी टाकायचा. नोटिसा निघतील, मुदत जाईल. मग एक दिवस ताजा उतारा काढायचा आणि नवव्यावरून नजर दहाव्या रकान्यावर न्यायची. नवा एम.आर. नंबर आणि त्यापुढं कोर्टाचा दावा क्रमांक तिथं बरोबर पडलाय का, ते खिडकीतून हलायच्या आधीच बघून घ्यायचं.